वरचे दोन दात

लतीफमास्तरांचे वरचे दोन दात
फाल्गुनात पडले.
एक रहाडीच्या रंगानंतर, भाकरीत.
दुसरा चार दिवसांनी, आपणहून,
जोडीदार गेल्यावर म्हातारे जातात तसा.

बँडमध्ये कुणी हसलं नाही.
ट्रंपेटवाल्याचे ओठ जातात, ढोलवाल्याचा खांदा,
क्लॅरिनेटवाल्याचे दात.
आमच्यात हे धरून चालतात.

दूध बाजारात, आमच्या बँडच्या जिन्याखाली
खोक्यात पाच तुकडे होऊन झोपतं ते लाकूड.
काळं. देवळाली कॅम्पच्या भंगारात मिळालेलं,
पलटणीचा शिक्का बोटांनी पुसत आणलेला.
एका चावीला सायकलच्या ट्यूबचं रबर,
सांध्याला मेण लावलेला दोरा.
पौषात मास्तर ते कोटाच्या आत घेऊन चालायचे.
नाशिकच्या थंडीत लाकूड तडकतं, म्हणायचे,
माणूस नुसता खोकतो.

मला पहिल्या दिवशी म्हणाले,
बासरीत जोरात फुंक,
ती तुझाच सा वर नेऊन देते.
हे तसलं नाही.
अंगठ्याची चावी दाबून वरचा सा माग,
हे त्याच्याही वरचा पंचम देतं.
मागितलं तेवढ्यावर थांबत नाही.
भांडू नकोस त्याच्याशी.
बोटं बदल.

कॉलेज रोडला वाघुळदे डॉक्टरीणबाईंनी विचारलं,
खाताना त्रास होतो?
खाण्याचं राहू द्या, मास्तर म्हणाले,
आणि रुमालातून माउथपीस काढून
त्यांच्या हातमोज्यावर ठेवला.

वरच्या उतारावर दोन खळगे.
एक्केचाळीस वर्षांच्या वराती
नखाएवढ्या जागेत.
बाईंनी दिवा ओढला, भिंग लावलं.
डावा जरा खोल, जरा तिरका.
हे तुमचेच दात की, म्हणाल्या,
इथे ठेवलेत होय?
आणि मेणात आधी वाद्याचा ठसा घेतला,
मग तोंडाचा.

पहिली कवळी उंच झाली. फटीतून वारा.
दुसरी बरी होती, बाईंच्या मते.
मास्तरांनी फुंकलं, काढली, टेबलावर ठेवली.
सूर लागतोय की, मी म्हणालो.
तुला लागतोय.
लोकांना कानानं ऐकू येतं, मला दातानं.
टाळूतून वर चढतो, डोळ्यांच्या मागे जाऊन बसतो.
आता मी वाजवतोय आणि शेजारच्या घरात कुणीतरी ऐकतंय.
बाईंनी कवळी परत घेतली.
पैशाचं बोलल्या नाहीत.

तिसऱ्या वेळी मास्तरांनी गाणं नाही वाजवलं.
एकच खालचा सूर, लांब,
सायीसारखा जाड.
बाहेर गाल सुजलेला एक पोरगा
रडता रडता थांबला.
फोनवरची मुलगी कुणाला तरी म्हणाली, एक मिनिट,
आणि ते मिनिट पुष्कळ चाललं.
मास्तरांनी डोळे मिटले होते.
मग अंगठा हलला
आणि तो सूर, न तुटता,
पंचमावर गेला.

आता काहीतरी चावून बघा, बाई म्हणाल्या.
कशाला? मास्तर म्हणाले.
वैशाखात अकरा सुपाऱ्या आहेत.

हल्ली जिन्याखालच्या कोनाड्यात
एकाच पेल्यात भिजत असतात
त्यांची कवळी आणि त्यांची रीड.
परवा ते चहाला गेले,
तेव्हा मी खोकं उघडलं, तुकडे जोडले,
माझे धडधाकट दात त्या खळग्यांत बसवायला गेलो.

बसत नाहीत.
माझे थोडे अलीकडे टेकतात.
तिथे अजून गुळगुळीत आहे.